तार वरून जाते, जमीन आपल्याच नावावर राहते
(मंडळाच्या सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजच्या सभेपुढे सीमाप्रश्नाचा ठराव आहे. तो आपले वक्ते नेहमीच्या तडफेने मांडतील. आमच्या वाट्याला त्याहून लहान वाटणारा विषय आला आहे. बेळगाव शहराच्या दक्षिणेला आपल्या एका वसाहतीत ११० के.व्ही.च्या विद्युत वाहिनीची मोजणी झाली आहे. बांधलेल्या घरांच्या परसातून आणि मोकळ्या प्लॉटांतून लाल खुंट्या मारल्या गेल्या. नोटीस आली ती फक्त कन्नडमध्ये, तीही एका खांबाला चिकटवलेली. त्या पट्ट्यातली बहुतेक घरे आपल्याच जुन्या कुटुंबांची आहेत. आजोबांच्या शेताचे वाटे झाले, एकेका नातवाला एकेक प्लॉट आला, त्यावर कुणी पतसंस्थेचे, कुणी बँकेचे कर्ज काढून घर बांधले. आता जो भेटतो तो एकच विचारतो, "आमच्या जागेवरून आम्हाला न विचारता तार नेता येते का हो?"

आम्ही वकील नव्हे. आम्ही बँकेत कर्जाच्या टेबलावर बसणारी माणसे. पण घरांचे कागद तारण म्हणून आमच्यापुढे येतात आणि तारेमुळे अडलेली प्रकरणे पाहता पाहता हा कायदा आम्हाला वाचावाच लागला. जे वाचले तेवढेच सांगतो.

काही तारांना मालकाची संमती लागते, काहींना लागत नाही. कुठली तार कुठल्या खात्यात मोडते हे आधी कळले पाहिजे. वीज कायदा २००३ चे कलम ६७ आणि त्याखाली केलेले २००६ चे नियम असे सांगतात, की ज्या जागेवर पूर्वी रीतसर तार नव्हती तिथे नवी तार किंवा खांब घालायचा तर मालकाची किंवा वहिवाटदाराची आधी संमती घ्यावी. त्याने हरकत घेतली तर कंपनीने जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे जाऊन लेखी परवानगी आणावी. परवानगी देताना त्या अधिकाऱ्याने भरपाई किंवा वार्षिक भाडे, किंवा दोन्ही, ठरवून द्यायचे असते. तो आदेश पटला नाही तर वीज नियामक आयोगापुढे फेरतपासणी मागता येते. भाड्याची ही तरतूद आपल्याकडे फारशी कुणाला ठाऊक नाही. परसात खांब उभा आहे आणि त्याचे भाडे मिळते, असे कुटुंब आम्ही तरी अजून पाहिलेले नाही.

पण याच कायद्यात कलम १६४ आहे. सरकार लेखी आदेश काढून वीज कंपनीला १८८५ च्या भारतीय तार कायद्यातले अधिकार देऊ शकते. असा आदेश असला की संमतीचा वरचा नियम लागू होत नाही. मोठ्या पारेषण वाहिन्या बहुधा याच वाटेने जातात. म्हणून कुणीही टेपा, खुंट्या घेऊन दारात आले तर त्यांच्याशी हुज्जत घालत बसू नका. एकच लेखी प्रश्न विचारा : कलम १६४ खालचा आदेश कुठला, त्याची तारीख काय, आणि त्याची प्रत आम्हाला कधी मिळेल? आदेश नसेल तर तुमच्या संमतीवाचून पुढचे पाऊल पडत नाही. असेल तर लढाई वेगळ्या मैदानावर लढायची.

आता हा १८८५ चा कायदा काय आहे? इंग्रजांना निरोपाच्या तारा देशभर न्यायच्या होत्या. दर शेतकऱ्याची संमती घेत बसायला त्यांना सवड नव्हती. म्हणून कलम १० मध्ये त्यांनी तार खात्याला कुठल्याही जागेवरून तार नेण्याचा अधिकार दिला, आणि सोबत दोन गोष्टी लिहिल्या. एक, खात्याला जागेची मालकी मिळणार नाही, फक्त वापराचा हक्क मिळेल. दोन, नुकसान होता होईल तितके कमी करायचे आणि जे होईल त्याची पूर्ण भरपाई द्यायची. त्या काळात हे ठीकच होते. निरोपाच्या तारेखाली गोठा बांधता येत होता, घर बांधता येत होते, तारेवर चिमण्या बसत होत्या. मालकाचे जाणारे फार तर एका खांबापुरते होते.

तोच कायदा आज ११० के.व्ही.च्या वाहिनीला लावला जातो. तिच्यासाठी सोडायचा पट्टा असतो २२ मीटर रुंद, म्हणजे सुमारे ७२ फूट. २२० के.व्ही.ला ३५ मीटर. आपल्याकडचा सर्वसाधारण प्लॉट ४० बाय ६० चा. तार मधून गेली तर पट्टा दोन्ही कुंपणांच्या बाहेर जातो आणि प्लॉटात घर बांधण्याजोगी जागाच उरत नाही. कागदावर मात्र काहीच गेलेले नसते! मालक तुम्हीच, उतारा तुमच्या नावचा, घरपट्टी तुम्हीच भरायची, सरकार म्हणते आम्ही फक्त वापराचा हक्क घेतला. निरोपाच्या तारेचे माप विजेच्या तारेला लावल्यामुळे हे झाले आहे, आणि आमच्या मते खरा अन्याय इथेच आहे. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने १८८५ चा कायदा मोडीत काढण्याचे ठरवले, पण विजेच्या वाहिन्यांसाठी त्याचा तिसरा भाग चालूच राहील असे त्यातच लिहून ठेवले. निरोपाच्या तारा संपल्या, त्यांचा कायदा आपल्या छपरावर राहिला.

बरेच जण म्हणतात, कोर्टात जाऊ, स्टे आणू. जरूर विचार करा, पण एक निकाल माहीत असू द्या. पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये निर्णय दिला. छत्तीसगडमधल्या चुनखडीच्या खाणीवरून तार जात होती. मालक साधासुधा नव्हता, मोठे वकील लावण्याची ऐपत असलेली कंपनी होती. न्यायालयाने सांगितले, कलम १६४ चा आदेश असेल तर मालकाची पूर्वसंमती लागत नाही. त्यामुळे आदेश असताना केवळ "आम्हाला विचारले नाही" एवढ्या एका मुद्द्यावर आपली केस टिकेल अशी आशा आम्हाला वाटत नाही. धारवाड खंडपीठात जायचे तर अधिकारच नव्हता, नियम पाळले नाहीत, किंवा मार्ग मुद्दाम कुणाला तरी वाचवण्यासाठी वळवला, असे काहीतरी पुराव्यासह हाती हवे.

आणि अडवून धरणे? आपल्या तरुण मंडळींचा तिकडे ओढा आहे. कलम १६ काय म्हणते ते त्यांनी नीट ऐकावे. मालकाने अडवले तर कंपनी जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, आणि ते आपल्या विवेकाने कामाला मुभा देऊ शकतात. तिथपर्यंत अडवण्यात गैर काही नाही. उलट त्या निमित्ताने अधिकाऱ्यापुढे तोंड उघडायची संधी मिळते. पण आदेश झाल्यावरही अडवले तर तो गुन्हा ठरतो. पूर्वी दंडविधानाचे कलम १८८ लागत असे, आता तीच तरतूद न्याय संहितेच्या २२३ मध्ये आहे. सरकारी नोकरीच्या परीक्षा देणाऱ्या मुलांनी त्या दिवशी टॉवरच्या खड्ड्यात उभे राहू नये, त्यांच्या आजोबांनी राहावे! मोर्चा काढायचा तर आदेशाच्या आधी काढावा, हातात लेखी हरकत घेऊन.

मार्ग बदलून मिळत नाही असेही नाही. शेजारच्या गोव्यात मोले अभयारण्यातून जाणाऱ्या ४०० के.व्ही.च्या वाहिनीवरून मोठे आंदोलन झाले. सर्वोच्च न्यायालयाने नेमलेल्या केंद्रीय अधिकार समितीने २०२१ साली अहवाल दिला, की नव्याने जंगल कापण्यापेक्षा आधीच्या २२० के.व्ही.च्या वाहिनीच्या पट्ट्यातून ही नेण्यात यावी. जंगलाची बाजू आणि घरांची बाजू कायद्यात सारखी नसते, हे खरे. पण तिथल्या लोकांनी नुसते "इथून नको" म्हटले नाही. "तिथून जाते, हा बघा नकाशा" असे दाखवले. आपल्या वसाहतीच्या पलीकडे ओढ्याच्या काठाने सरकारी पड जमीन आहे. तिचे सर्व्हे नंबर काढून, नकाशावर रेघ मारून हरकतीला जोडले तर त्या हरकतीला वजन येईल.

आता आमच्या टेबलावरची गोष्ट. दोन वर्षांपूर्वी एक गृहस्थ मुलीच्या शिक्षणासाठी घर तारण ठेवायला आले. उतारा स्वच्छ, वारसा लागलेला, दुसऱ्या कुणाचा बोजा नाही. व्हॅल्युअर जागेवर गेला आणि फोटो घेऊन आला : छपराच्या कडेवरून तारा. त्याने किंमत इतकी खाली आणली की कर्ज मागितल्याच्या निम्मेही बसेना. गृहस्थ म्हणाले, "अहो, पण उताऱ्यावर काहीच नाही!" तेच तर दुखणे आहे. आमच्या बँकेचे पाच लाखांचे कर्ज उताऱ्यावर बोजा म्हणून चढते, आणि ७२ फुटांची तार मात्र चढत नाही. तिचा भार दिसतो फक्त बाजारात, विकायला निघाल्यावर. भरपाई किती घेतली होती म्हणून विचारले, तर आंब्याच्या चार झाडांचे पैसे घेऊन त्यांच्या वडिलांनी कागदावर सही केली होती. कागद काय होता, तो घरात नव्हता.

झाडांचे आणि पिकाचे पैसे म्हणजे भरपाई, असा आपल्याकडे समज आहे. तो सोडा. जमिनीची किंमत उतरते त्याचीही भरपाई मागता येते. केरळ वीज मंडळाच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली सांगितले, की भरपाईला एकच ठरीव माप नाही. जमीन कुठे आहे, तार कडेने जाते की मधोमध, जमिनीचा किती भाग व्यापते, हे सगळे पाहून रक्कम ठरवावी. केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाने १५ ऑक्टोबर २०१५ ला मार्गदर्शक सूचना काढल्या : टॉवरच्या पायाखालच्या जमिनीला किमतीच्या ८५ टक्के, आणि तारेखालच्या पट्ट्याला जास्तीत जास्त १५ टक्के. १४ जून २०२४ च्या सूचनांनी ते टॉवरला २०० टक्के आणि पट्ट्याला ३० टक्के केले. मग २१ मार्च २०२५ ला शहरी भागासाठी आणखी वाढ झाली : महापालिका हद्दीत पट्ट्याला ६० टक्के, नगरपालिका आणि नागरी नियोजनाच्या क्षेत्रात ४५ टक्के, आणि ग्रामीण भागात ३० टक्केच.

हिशेब करून बघा. प्लॉटची किंमत तीस लाख धरली आणि तो पूर्ण पट्ट्यात गेला, तर जुन्या सूचनेने फार तर साडेचार लाख. २०२४ च्या दराने नऊ लाख. २०२५ प्रमाणे नियोजन क्षेत्रात साडेतेरा आणि महापालिका हद्दीत अठरा लाख. एकाच प्लॉटचे हे चार आकडे आहेत. आपल्या वसाहतीचा काही भाग ग्रामपंचायतीत, काही महापालिकेत, आणि पंचायतीतलाही भाग बुडाच्या आराखड्यात आहे की नाही यावर सारे अवलंबून. म्हणून हद्दीचा दाखला आजच काढून ठेवा. दोन गोष्टी मात्र ध्यानात ठेवा. या सूचना ६६ के.व्ही. आणि त्यावरच्या पारेषण वाहिन्यांसाठी आहेत, गल्लीतल्या ११ के.व्ही.ला त्या लागू नाहीत. आणि त्या सूचना आहेत, कायदा नव्हे. राज्याने त्या पूर्ण स्वीकाराव्यात, अंशतः, की बदल करून, हे राज्यावर सोडले आहे. सध्या कुठला दर लागू आहे हे माहिती अधिकारात अर्ज करून लेखी घ्या. तोंडी सांगितलेल्या दरावर कुणीही सही करू नये.

रक्कम कमी वाटली तर कलम १६(३) प्रमाणे जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करता येतो. यासाठी बेंगळूर-दिल्ली गाठायला नको, आपल्याच शहरात काम होते. मुदत मात्र तीन वर्षांची. सर्वोच्च न्यायालयाने १९७६ सालीच सांगितले आहे की अशा अर्जाला मुदतीच्या कायद्याचे कलम १३७ लागू होते. वडिलांनी पैसे घेतले, दहा वर्षांनी मुलाला ते कमी वाटले, असे चालत नाही. भावाभावांत वाटणीचा वाद असेल तर भरपाई कुणाला किती हेही तेच न्यायाधीश ठरवतात. तेव्हा वाद आहे म्हणून अर्जच केला नाही, असे करू नका.

कलम १७ ही वाचून ठेवा. पुढे कधी त्याच जागेत तुम्हाला बांधकाम करायचे झाले आणि तार आड येत असेल, तर ती आपल्याच जागेत दुसरीकडे सरकवा, वर किंवा खाली घ्या, अशी मागणी करता येते. पूर्वी भरपाई घेतली असेल तर तार हलवण्याचा खर्च किंवा घेतलेल्या भरपाईच्या निम्मी रक्कम, यातले जे कमी असेल ते भरायचे. कंपनीने ऐकले नाही तर जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज. ४० बाय ६० मध्ये सरकवायला जागा कुठून आणायची, हा प्रश्न उरतोच. पण ज्यांचे दहा-वीस गुंठे अजून एकत्र आहेत त्यांना याचा उपयोग होईल.

ज्यांच्या घराजवळून तार आधीच गेलेली आहे त्यांच्यासाठी थोडे. १९५६ च्या नियमांपासून ठरलेली अंतरे अशी, की ११ के.व्ही.ची तार इमारतीपासून आडवी निदान १.२ मीटर आणि ३३ के.व्ही.ची २ मीटर लांब हवी, आणि वरून जात असेल तर छपराच्या सर्वांत उंच भागापासून ३.७ मीटर. याहून जास्त दाबाला अंतर आणखी वाढते. टेप लावून मोजताना तारेजवळ जाऊ नका, जमिनीवरून फोटो काढा आणि कंपनीला मोजायला लेखी बोलवा. इथे घर आधीचे की तार आधीची, यावर सगळा निकाल असतो. तारेखाली नंतर मजला चढवला असेल तर दोष आपल्याकडे येतो. म्हणून घरपट्टीची सर्वांत जुनी पावती आणि पहिले लाईट बिल जपून ठेवा. २००२ साली मध्य प्रदेश वीज मंडळाच्या एका प्रकरणात, रस्त्यावर पडलेल्या तारेने सायकलस्वाराचा जीव गेला होता. न्यायालयाने सांगितले की चूक कुणाची हे सिद्ध झाले नाही तरी मंडळाला जबाबदारी टाळता येणार नाही. तेव्हा लोंबणाऱ्या तारेची तक्रार आज लेखी करून ठेवणे जिवाच्या दृष्टीने आणि पुढच्या कागदांच्या दृष्टीनेही बरे.

आता जरा आपल्यातलेच बोलतो, राग मानू नका. शहापूर, वडगावच्या जुन्या बोळांत चुलत भावाच्या मीटरची सर्व्हिस वायर आपल्या भिंतीवरून जाऊ न देणारे आपणच आहोत. बोळ सामाईक, भिंत सामाईक, आणि वीस फूट वायरीसाठी दोन-दोन वर्षे अर्जबाजी. विजेशिवाय कुणाला राहावे लागू नये असाच कायद्याचा कल आहे, त्यामुळे शेवटी वायर जातेच, घरांतले बोलणे मात्र बंद होते. तीच घरे उद्या ११० के.व्ही.विरुद्ध एका कागदावर सह्या करतील का, ही आमची काळजी आहे. कारण मोजणीदाराला रेघ जिथे एकी नाही तिथून वळवणे सोपे जाते.

भाषेबद्दल. नोटीस फक्त कन्नडमध्ये आली म्हणून ती आपोआप रद्द होत नाही, आणि घरोघर नोटीस द्यावी असेही १८८५ च्या कायद्यात लिहिलेले नाही. पण घटनेचे कलम ३५० सांगते की गाऱ्हाणे मांडणारा अर्ज केंद्रात किंवा राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत करता येतो. तेव्हा मराठीतली हरकत टेबलावरून परत देण्याचा अधिकार कुणाला नाही. परत दिलीच तर पोस्टाने पाठवा आणि पोचपावती ठेवा. ज्या भागात एका अल्पसंख्य भाषेचे लोक १५ टक्के किंवा अधिक आहेत तिथे महत्त्वाच्या सरकारी सूचना त्या भाषेतही निघाव्यात, हे भाषिक अल्पसंख्याकांच्या संरक्षण योजनेत मान्य झालेले आहे. ही मागणी आपण सभांतून पुष्कळदा केली. या वेळी ती एका ठरावीक नोटिशीचा क्रमांक आणि तारीख घालून, भाषिक अल्पसंख्याक आयुक्तांकडे वेगळ्या अर्जाने करावी, असे आम्ही सुचवतो. मात्र हरकतीच्या अर्जात हा विषय घालू नये. तिथे घर, प्लॉट, मीटर आणि रुपये एवढेच असू द्या. दोन भांडणे एका कागदावर आली की अधिकारी सोपे असेल त्याचेच उत्तर देतात. आणि मराठी अर्जासोबत कन्नड भाषांतर जोडण्यात कमीपणा मानू नका. आपल्याला घर वाचवायचे आहे, आणि वाचणाऱ्याला ते समजले पाहिजे.

येत्या रविवारी सकाळी दहा वाजता मंडळाच्या वाचनालयात हरकतीचे अर्ज भरून दिले जातील. कन्नड उत्तम लिहिणारे आमच्या बँकेतले दोघे सहकारी येणार आहेत. एका घरातून एकाने यावे. उतारा, वाटणीपत्र किंवा वारशाचा कागद, ले-आउटचा नकाशा असल्यास तो, जुनी घरपट्टी, पहिले लाईट बिल आणि खुंट्यांचे फोटो, यांच्या दोन दोन झेरॉक्स प्रती आणाव्यात. जागा अजून एन.ए. झालेली नसेल तरी यावे, लपवू नये, त्याचाही विचार करावा लागेल. मूळ कागद कुणाच्याही हाती देऊ नका, आमच्याही नाही.